इळमारनची उडी

“डावा खांदा आधी टेकू देऊ नका,” चेल्लदुरै मास्टर म्हणाले. “त्याचा तो खांदा लहानपणापासून दुखरा आहे.”

“पण दिसतंय किती देखणं, मास्टर,” दिग्दर्शक भरणीधरन म्हणाला.

मास्टरांचं वडपळनीतलं घराणं सिनेमातल्या मारामाऱ्या बसवणारं. नायकाच्या जागी ही उडी त्यांच्या मुलाची, इळमारनची. हवेत तो कसा वळतो हे बापाशिवाय कोण सांगणार, म्हणून आज त्यांना मुद्दाम बोलावलं होतं.

पांढऱ्या सुटातला हेर तिघांना लोळवतो, टायची गाठ सारखी करतो आणि उंच इमारतीची काच फोडून पाठीवर खाली येतो. भोवती काचेचे तुकडे, जाईच्या पाकळ्या गळाव्यात तसे सावकाश. इळमारन सकाळपासून कितीदा तरी पडला होता. दर वेळी भरणीधरनला काहीतरी कमी वाटायचं.

“आता एकदा दोर लावून,” मास्टर म्हणाले.

“दोर? अण्णे, हा हेर आहे. जत्रेतल्या पाळण्यात बसलेलं पोर नव्हे. दोर लावला की उडीची सगळी ऐट गेली.”

“ऐट तुमची. पोर माझं.”

भरणीधरनचं हसू मावळलं. उडीचं काम बघणाऱ्या मुलीला तो म्हणाला, “लाव गं, याळिनी. होऊ दे त्यांच्या मनासारखं.”

मास्टरांनी पिशवीतून कोहळा काढला. “सकाळीच कोयंबेडूच्या बाजारातून आणलाय. दृष्ट काढल्याशिवाय उडी नाही.”

उडीआधी घरच्याच माणसानं कोहळ्यावर कापूर पेटवून ओवाळायचं आणि कोहळा फोडायचा, ही त्यांच्या धंद्यातली रीत. मागच्या वेळी उजेड जात होता. घाईत दोरही राहिला, कोहळाही. “चालतंय,” असं तेव्हा मास्टरच म्हणाले होते. त्या दिवसापासून बायको त्यांच्याशी बोलली नव्हती.

“आत कापूर चालत नाही, मास्टर,” याळिनी हळूच म्हणाली. भरणीधरननं तिला खुणेनं गप्प केलं.

मास्टरांनी इळमारनवरून कोहळा ओवाळला, बाहेर रस्त्यावर नेऊन आपटला आणि परत येऊन घाम पुसला.

“हं. जाऊ दे त्याला.”

काच फुटली. पांढरा सूट वाऱ्यानं फुगला. तुकडे चमकत खाली येऊ लागले. जमीन हातभर उरली असताना दोर ताणला आणि इळमारन हेलकावे खात लोंबकळला.

“सावकाश उतरव, बाळ,” मास्टर म्हणाले.

याळिनीनं उतरवलं. त्याचे पाय जमिनीला टेकले. तो उभा राहिला.

“मास्टर, हे पिक्चरमध्ये येणार नाही,” भरणीधरन म्हणाला.

“ठाऊक आहे.”

मास्टर इळमारनपाशी गेले. ज्या हातानं पोराच्या चितेला अग्नी दिला होता, तो हात त्यांनी त्याच्या गालावर ठेवला. संगणकाचा पडदा कोमट होता.