पुस्तक दिनाचं सोंग

पुस्तक दिन होता. सगळी पोरं गोष्टींतल्या पात्रांची सोंगं घेऊन शाळेत आली होती. बक्षीस द्यायला देशाचे मानद बालसाहित्यदूत आले होते. जेवणाच्या हॉलमध्ये मी वाढत होते आणि मुख्याध्यापक क्रॅबट्रींच्या तोंडातून नुसता मध गळत होता, "वाचन म्हणजे आमच्या शाळेचा प्राण, साहेब!"

रांगेत सात वर्षांची टॅबिथा होती. राखाडी स्वेटर, साखळीचा चष्मा, हातात तारखेचा शिक्का.

"तू कोण गं?" पाहुण्यांनी विचारलं.

"पिकर्सगिल बाई! त्या मला रोज पुस्तक काढून द्यायच्या. मग सरांनी लायब्ररी मोडून तिथं स्वतःचं ऑफिस केलं. आता त्या..."

तिनं बोट उचललं, ते क्रॅबट्रींनी हसत हसत खाली दाबलं.

"काल्पनिक पात्र आहे हो ते! पोरं काय, काहीही रचतात."

मी पाहुण्यांच्या ताटात पळीभर कस्टर्ड घातलं.



"घ्या साहेब. काल्पनिक पिकर्सगिल बाईंनीच वाढलंय."