कॅसेटवाल्या काकू

"जळला मेला तो फोन! नुसती गुळगुळीत काच. कुठे काय आहे ते कळतच नाही," म्हणत प्रमिलाकाकूंनी मोबाइल परत माझ्या हातात कोंबला.

मी जन्मांध. कॉलेजची माझी सगळी पुस्तकं या शेजारच्या काकूंनीच कॅसेटवर वाचून दिली. वाचायच्या स्वयंपाकघरात बसून. त्यामुळे अर्थशास्त्राच्या ऐन मध्यात कुकरची शिट्टी व्हायची आणि कॅसेटमधून काकू मला सांगायच्या, "थांब हं, गॅस बंद करून येते." पुढे माझा कॉम्प्युटर बोलायला लागला, मग फोन, आणि कॅसेट माळ्यावर गेल्या. आता काकूंचीच नजर गेली होती. स्वयंपाक हातांच्या सवयीनं चालायचा, पण वाचन सुटलं आणि त्यांचं बोलणंही आटलं.

मी त्यांचं बोट काचेवर ठेवलं. "फिरवत राहा. पुस्तकाचं नाव ऐकू आलं की दोनदा टॅप करा."

फोन रहस्यकथा वाचू लागला.

"किती कोरडं वाचतो!" काकू कुरकुरल्या. मग कुरकुर थांबली. खुनी दाराशी पोचला आणि नेमकी कुकरची शिट्टी झाली.

"थांब हं, गॅस बंद करून येते," फोनला सांगून काकू भिंत चाचपत आत गेल्या. तो कसला थांबतोय! मीच काचेवर दोन बोटं टेकवून त्याला गप्प केलं.

आतून काकूंचा जुना, दरडावणारा आवाज आला आणि माझा जीव भांड्यात पडला.

"मला सोडून पुढे ऐकलंस तर बघ!"