शिखरावरचा फोटो

उत्तर नॉर्वेच्या बर्फाळ कड्यांवर कसं चढावं, हे सांगणारं कौशिकचं पुस्तक अंबरीशने कौतुकाने उघडलं. जुना दोस्त ते द्यायला पुण्याहून मस्कतला आला होता. एका पानावर शिखराचा फोटो होता. निरभ्र आकाशाखाली कौशिक हसत उभा होता, हातांत अंबरीशचे लाल हातमोजे. त्या चढाईत अंबरीशचा पाय मोडला, तेव्हा मदत आणायला निघालेल्या कौशिकला त्यानेच ते काढून दिले होते. कौशिक फार उशिरा परतला, धुक्यात वाट चुकलो म्हणत रडला. तोवर थंडीने अंबरीशची दोन बोटं गेली होती, तरी त्यानेच मित्राला धीर दिला. "आधी शिखरावर गेलास?" अंबरीशने विचारलं. कौशिकने नजर चुकवली. "हवा इतकी स्वच्छ होती रे. आणि तू वाचलासच ना!" स्वयंपाकघरातून बायकोने विचारलं, "ताटं घेऊ का?" "घे," अंबरीश म्हणाला, "आपल्या दोघांचीच."