काठी लावायची न्हाई

ऋषीचा हात मोडला. म्हणजे तसं काही झालंच नाही. सुधारगृहात हात मोडत नसतात, फरशी ओली असते. राजुरीत केबल चोरताना सापडलेला ऋषी बाल न्याय मंडळाच्या मॅडमपुढे उभा होता. मागं सुधारगृहाचे काळजीवाहक, त्याच्या खांद्यावर मायेनं हात ठेवून.

“कुणी मारलं का रे?”

खांद्यावरची बोटं रुतली.

“न्हाई मॅडम. घसरलो.”

“काही मागणं आहे?”

“आमच्या उसात बिबट्या धरला व्हता. लई शेळ्या खाल्ल्या व्हत्या त्यानं. तरी फॉरेस्टवाल्यांनी पिंजऱ्यावर कापड टाकलं अन् गर्दीला दम भरला, ‘काठी लावायची न्हाई कुणी!’ तरी मला वनखात्याच्या ताब्यात देण्यात यावे, ही नम्र विनंती.”