पहारेकऱ्याची जागा

"पुन्हा मासेमारीचंच पुस्तक! मूर्ख कुठला!"

ऋजुताने पडद्यावरच्या गावकऱ्यासमोरचं मेज सातव्यांदा फोडलं. खेळात मेज ठेवलं की गावकरी ग्रंथपाल व्हायचा, फोडून पुन्हा ठेवलं की नवं पुस्तक विकायला काढायचा. आठव्यांदाही हवं ते पुस्तक निघालं नाही, तेव्हा तिने तलवार उपसून त्याला कापून काढलं.

"मारून कुणी शिकतं का गं?" शेजारी बसलेले अण्णाआजोबा म्हणाले.

तेवढ्यात गावाचा लोखंडी पहारेकरी धावत आला आणि त्याने एका फटक्यात तिला आभाळात भिरकावलं. खाली आपटून ती मेली. पुन्हा जिवंत होताच ती छपरावर चढली आणि बाण मारमारून तिने त्याचा चुराडा केला. "आता कोण अडवतंय बघू!"

खेळातला सूर्य मावळला आणि झोंबी आले. लोहार, खाटीक, शेतकरी, सगळ्यांना तिने आपापल्या कामाच्या मेजापुढे कोंडून ठेवलं होतं. पळायला वाट नव्हती. झोंब्यांनी त्यांना तिथंच फाडलं.

वाचला तो एकटा हिरव्या अंगरख्यातला गावकरी. त्याला कुठलंच काम जमत नाही, म्हणून तिने कोंडलंच नव्हतं. तो धावत येऊन तिच्यामागे लपला.

"याला काय शिकवणार आता?" अण्णांनी हळूच विचारलं.

"याला काहीच येत नाही, अण्णा." तिने त्याला घरात ढकलून दार लावलं आणि पहारेकऱ्याच्या लोखंडी तुकड्यांमध्ये तलवार घेऊन उभी राहिली.

"पहारेकऱ्याचं काम मी करते."