लाल फुलीची दुलई

या, जरा पुढे सरका. दाराशी बसलात तर अर्धी गोष्ट वाऱ्यावर जायची. गोष्ट आहे एका दुलईची, साध्या अंगावर घ्यायच्या दुलईची. पण ऐकून उठाल तेव्हा हात आपोआप जोडले जातील, हा माझा शब्द.

त्या सकाळी न्हाणीघरातून वाफ यायला लागली आणि सासूबाईंचा जीव खालीवर झाला.

"अगं, पाणी कढत घेतलंस की काय?" त्या न्हाणीघराच्या उघड्या दारासमोरच्या खुर्चीतूनच ओरडल्या.

"कढतच हवं ना, आई? मळ निघायला?" सूनबाई आतून म्हणाली.

"पिसांची दुलई आहे ती! कोंबडी शिजवतेस का?"

चार महिन्यांपूर्वी सासूबाई जिन्यावरून घसरल्या होत्या. हाड जुळलं, पण त्या उठेनात. डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं होतं, "थंडी संपायच्या आत पाऊल टाकलं नाहीत, तर पाय कायमचा आखडेल. मग माझ्या हातात काही नाही." सासूबाईंनी त्यांनाच समजावलं, "देवानं माझी पावलं मोजून दिली होती. संपली." मुलगा कामाच्या गावाहून फोनवर विनवून विनवून थकला. चालायला आणलेल्या लोखंडी घोडीवर टॉवेल वाळायला लागले. आणि थंडी तर आता आठ-दहा दिवसांचीच पाहुणी होती.

दुलई मात्र सासूबाईंचा प्राण. मुलगा जन्मला त्या हिवाळ्यात मालकांनी आणलेली, गडद निळी, बिनफुलांची. आपली ओळखू यावी म्हणून सासूबाईंनी कोपऱ्यात लाल दोऱ्याची फुली घातली होती. मालक गेले, दुलई राहिली. कायम खोळीत ठेवल्यामुळे अजून नव्यासारखी होती.

सूनबाईनं खोळ काढून दुलई टबात लोटली. लाल फुली पाण्यावर एकदा दिसली आणि बुडाली. सूनबाईच्या अंगठ्याला पट्टी होती. तो अंगठा वर धरून ती एका हातानं दुलई ढोसत होती.

"अंगठ्याला काय झालं?"

"टोचलं काहीतरी."

"एक काम धड येत नाही. साबण किती ओतलास तो? आणि पाणी निळं कशानं झालं? इतक्या वर्षांत कधी रंग सोडला नाही तिनं! त्या कढत पाण्यानं केलं हे!"

"मग पिळून टाकते पटकन," सूनबाई म्हणाली, आणि तिनं दुलईचं एक टोक खरंच पिळायला घेतलं.

"पिळू नकोस! पिसांचे गोळे होतील! पायांनी तुडवायची असते गं ती, हळूहळू!"

"मला नाही जमत, आई. पाय घसरतो."

पुढचं कसं झालं ते सासूबाईंनाही सांगता आलं नसतं. घोडीवरचे टॉवेल खाली पडले. फरशीवर लोखंड खडखडलं. एक पाऊल. मग बराच वेळ काहीच नाही. मग दुसरं. न्हाणीघराच्या दारात सासूबाई उभ्या होत्या, घामानं निथळत.

"हो बाजूला, शहाणे."

सूनबाईनं गार पाणी सोडलं, त्यांना कमरेला धरून टबात उतरवलं. भिजलेली दुलई पायांखाली हत्तीच्या पिल्लासारखी हलली, फुगली, श्वास सोडून खाली बसली. सासूबाईंनी डावा पाय दाबला, उजवा दाबला. लाकडाच्या ओंडक्यातून मुंग्या चालत वर आल्या, मांडीपर्यंत. त्या आपल्या पायांकडे बघतच राहिल्या. देवळात पहिल्यांदा नेलेलं पोर मूर्तीकडे बघतं ना, तसं.

"अगं," त्या हळूच म्हणाल्या, "हे माझेच आहेत."

सूनबाईनं नळाकडे तोंड फिरवलं. "साबण गेला का बघा, आई. मला काही कळत नाही त्यातलं."

सुकायला तीन दिवस लागले. वजन एका दोरीवर येऊ नये म्हणून दुलई गॅलरीत दोन दोऱ्यांवर आडवी पसरली. तासातासाला झटकून पिसं मोकळी करायची, आणि सूनबाई नेमकी ते विसरायची. मग सासूबाई घोडी खडखडवत जायच्या, झटकायच्या, सुनेच्या सात पिढ्यांचा उद्धार करत परत यायच्या. दर तासाला. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी त्या परत आल्या तेव्हा घोडी गॅलरीतच राहिली होती.

"आता नीट बघून घे," त्या म्हणाल्या. "तीन घड्या, कडा आत. सुती पिशवी, प्लास्टिक नाही, तिचा जीव घुसमटतो. आणि मधल्या घडीत वासाच्या साबणाची वडी, कागदासकट."

"बघितलं, आई," म्हणत सूनबाईनं पिशवी उचलून पेटीत ठेवली. "तुम्ही वाकू नका एवढ्यात."

उन्हाळा गेला, पाऊस गेला. सासूबाई जिना चढू लागल्या, बाजारात जाऊ लागल्या, भेटेल त्याला सांगू लागल्या, "सून वेंधळी मिळाली म्हणून पायांवर उभी राहिले!" लोक हसायचे. सूनबाईही हसायची.

पुढच्या थंडीची पहिली शिरशिरी आली त्या दिवशी सूनबाई तापानं फणफणली होती. पांघरूण काढायला सासूबाई पेटीपाशी गेल्या, गुडघे मोडून खाली बसल्या. पिशवी बाहेर काढली. तिच्याखाली आणखी एक सुती पिशवी होती.

त्यांनी ती उघडली. निळी दुलई. तीन घड्या, कडा आत, मधल्या घडीत कागदासकट साबणाची वडी. कोपऱ्यात बारीक, नेटकी लाल फुली. त्यांनी ती डोळे मिटून बोटानं चाचपली. आपल्या हाताचा टाका हाताला कळतो.

मग त्यांनी गेल्या थंडीत तुडवलेली दुलई मांडीवर ओढली, तिचा कोपरा उजेडात धरला. तिथली फुली वाकडीतिकडी होती, आणि फुलीशेजारी धुऊनही न गेलेला रक्ताचा एक तपकिरी ठिपका.

ऐकणाऱ्यांनो, आज रात्री पांघरूण अंगावर ओढाल तेव्हा त्या पट्टी बांधलेल्या अंगठ्याची आठवण ठेवा.