साखळीचा चिमटा

गावचा संघ लॉगर्स दहा गुणांनी मागे पडला, तेव्हा खालच्या रांगांतल्या लोकांनी किराण्याच्या कागदी पिशव्या डोक्यावर चढवल्या. डोळ्यांपुरती दोन भोकं ठेवलेली. घरच्या मैदानावरचा हा आठवा आणि मोसमातला शेवटचा सामना. आधीचे सातही हरलेले. आपण इथे येतो हे शेजाऱ्यांना कळू नये, एवढीच लोकांची इच्छा उरली होती.

कडेच्या रेषेपाशी आर्विड लिंडक्विस्ट साखळी धरून उभा होता. चाळीस वर्षं त्याने शाळेत मुलांना अपूर्णांक शिकवले, आणि गेली सव्वीस वर्षं रविवारी तो या मैदानावर मापाचं काम करत होता. चार प्रयत्नांत चेंडू दहा यार्ड पुढे न्यायचा, नाही तर तो समोरच्यांना द्यायचा, असा हा अमेरिकन फुटबॉलचा खेळ. ते दहा यार्ड दाखवायला दहा यार्डांची साखळी, तिच्या दोन टोकांना दोन खांब. मोजणी नव्याने सुरू झाली की आर्विड गुडघा टेकायचा आणि साखळी मैदानावरच्या पांढऱ्या पट्टीला जिथे छेदते, तिथे तिला चिमटा लावायचा. वाद झालाच तर पंच तो चिमटा धरून साखळी मैदानाच्या मधोमध नेत आणि त्याच पट्टीवर टेकवत. मग पुढचा खांब जिथे येईल ते माप खरं.

शाळेतली मुलं विचारायची, तेव्हा तो फळ्यावर काढून दाखवायचा. चिमटा चार बोटं पुढे लागला, तर खांब चार बोटं अलीकडे येतो आणि काम सोपं होतं. मागे लागला, तर खांब तेवढाच लांब जातो. म्हणून पट्टीच्या कडेवरच लावायचा. आणि साखळीवाल्याने टाळी वाजवायची नाही, हळहळायचंही नाही, कारण त्याला संघ नसतो.

पुढचा खांब धरणारा डेल्बर्ट एके काळी त्याच्याच वर्गात होता. आता नळजोडणीची कामं करायचा आणि तोंड कधी बंद ठेवायचा नाही.

“समोरचे पण आपल्याइतकेच हरलेत, सर. आज हरेल तो देशात तळाला. तुमच्या घराण्याचं मला नवल वाटतं. नातू तिकडे कॅलिफोर्नियात कॉलेजच्या पोरांत या खेळात देशात पहिला, आणि आजोबा इथे शेवटच्या नंबरासाठी साखळी ओढतायत.”

“खांब सरळ धर,” आर्विड म्हणाला.

त्याचं लक्ष सकाळच्या बोलण्याकडे होतं. मार्जोरी ऑक्टोबरपासून घराबाहेर पडली नव्हती. डॉक्टर फार तर अजून एका शरद ऋतूबद्दल बोलले होते, तेही खिडकीकडे बघत. आज ओटची लापशी ढवळत ती म्हणाली होती की, पन्नास वर्षांत तिने या खेळाबद्दल त्याच्याकडे काही मागितलं नाही, पण आज मागतेय. आजचा निकाल तिला हवा तसा लागायला हवा. आर्विडने चमचा खाली ठेवून सांगितलं की, हे त्याच्याने व्हायचं नाही. ती बरं म्हणाली, आणि तिने रेडिओ जवळ आणून ठेवायला सांगितला.

शेवटच्या सत्रात लॉगर्सनी कसेबसे सहा गुण मिळवले. वरच्या एका गुणासाठी मारलेली किक गोलच्या खांबाला आपटून परत आली. अजून ते चार गुणांनी मागे होते आणि दोन मिनिटं उरली होती. त्यात समोरच्यांच्या हातून चेंडू निसटला आणि यांनी तो उचलला. गोलरेषा वीस यार्डांवर. पिशव्या एकेक करून डोक्यांवरून निघाल्या.

मोजणी नव्याने सुरू झाली. आर्विडने गुडघा टेकला. हातमोजा काढला. पांढऱ्या पट्टीची कड त्याला स्पष्ट दिसत होती. सव्वीस वर्षं ती तशीच दिसत आली होती. त्याने चिमटा उघडला आणि कडेपासून चार बोटं सोडून साखळीला लावला.

कोणी बघितलं नाही. तो उठला आणि त्याने हातमोजा पुन्हा चढवला.

तीन प्रयत्नांत साडेनऊ यार्ड झाले. चौथ्याला होबार्ट नावाच्या दांडग्या खेळाडूने चेंडू पोटाशी धरून माणसांच्या ढिगात उडी घेतली. ढीग उपसल्यावर पंचांनी साखळी मागवली. आर्विड आणि डेल्बर्ट धावत मधे गेले. साठ हजार माणसं उभी होती आणि खोकण्याचाही आवाज नव्हता. पंचांनी चिमटा पट्टीवर टेकवला. डेल्बर्टने साखळी ताणली.

चेंडूचं टोक खांबाच्या दोन बोटं अलीकडे होतं.

“दोन बोटं, सर,” डेल्बर्ट हळूच म्हणाला. “इतकं करूनही दोन बोटं.”

समोरच्यांनी चेंडू घेतला आणि उरलेला वेळ बसल्या बसल्या संपवला. पिशव्या पुन्हा डोक्यांवर गेल्या. बाहेर पडताना कोणी शिव्यासुद्धा दिल्या नाहीत. पंचांनी आर्विडच्या खांद्यावर हात ठेवला आणि थंडीने डोळ्यांना पाणी येतंच, असं म्हणून ते निघून गेले.

घरी मार्जोरी खुर्चीत शाल गुंडाळून बसली होती. रेडिओवर माणूस थकल्या आवाजात सांगत होता की, घरच्या मैदानावर आठपैकी आठ हरले. आता समाधान एवढंच, की देशात तळाला राहिलेल्या संघाला वसंतात कॉलेजच्या खेळाडूंमधून पहिली निवड करता येते.

तिने रेडिओ बंद केला.

“किती कमी पडलं?”

“दोन बोटं.”

“आणि चिमटा?”

आर्विडने टोपी काढून टेबलावर ठेवली.

“चार बोटं,” तो म्हणाला. “मागे.”

मार्जोरीने त्याचा गार पडलेला हात आपल्या शालीत ओढून घेतला. दुसऱ्या हाताने तिने फोन उचलला आणि कॅलिफोर्नियाचा नंबर फिरवला.

“वेस्ली, बाळा, पुढच्या शरदात तू इथे खेळणार आहेस. मी तेवढं थांबते.”